अडीचला, मागच्या फाटकाने

रत्नागिरीच्या माणसाला मुंबईचं वर्णन सांगायला जाणं म्हणजे कोळणीला मासळी शिकवण्यासारखं आहे. आमच्याकडे घरटी एक माणूस तिकडे. पण हॉकीचा सामना बघायला म्हणून मुंबईला गेलेला दुसरा कोणी मला तरी आमच्या गावात भेटलेला नाही. क्रिकेटला जातात, गणपतीआधी खरेदीला जातात, दुखणं दाखवायला जातात. आम्ही दोघं हॉकीला गेलो. चार वर्षं झाली त्याला. परत आल्यावर लगेच लिहायला बसलो होतो, पण पनवेलच्या पुढे लेखणी सरकेना म्हणून कागद ठेवून दिले. आता पूर्ण लिहितो.

मी मिरजोळ्याला राहतो आणि शाळेत भूगोल शिकवतो. माझ्याबरोबर होते इस्माईलचाचा. राजिवड्याचे. बत्तीस वर्षं बोटीवर खलाशी होते, आता घरी असतात. त्यांचा मुलगा शब्बीर माझा विद्यार्थी. शब्बीरला चाचांनी मोंबासा बंदरातून एक हॉकीची काठी आणून दिली होती, आणि तिथून सगळं सुरू झालं. आमच्या शाळेला मैदान म्हणजे उघडा कातळ. त्यावर चेंडू कुठेही उसळतो, आणि पडलं तर गुडघा सोलूनच निघतो. या कातळावर शब्बीर गोलात उभा राहायचा. बाकीची पोरं पडायला भ्यायची, हा पडायचा. पुढे कॉलेजातून त्याला कोणीतरी हेरलं आणि मुंबईच्या एका मोठ्या कंपनीने खेळाडू म्हणून नोकरी दिली. सकाळी सराव, दुपारी नावापुरतं ऑफिस, आणि कंपनीसाठी खेळायचं. चाचांना हे अनेक दिवस खरं वाटत नव्हतं. खेळायचा पगार कोण देतो, असं ते मला दर जुम्म्याला नमाजानंतर विचारायचे, आणि मी दरवेळी तेच उत्तर द्यायचो.

मुलाला खेळताना मात्र त्यांनी एकदाही पाहिलं नव्हतं. तो शाळेत खेळायचा तेव्हा ते समुद्रावर. ते कायमचे घरी आले तेव्हा तो मुंबईला.

फेब्रुवारीत शब्बीरचं पत्र आलं. स्पर्धेचा उपांत्य सामना शनिवारी आहे, अब्बांना घेऊन या, सर. चाचांना उर्दू थोडंफार वाचता येतं, मराठी अजिबात नाही. शब्बीर शिकला मराठीत, त्यामुळे त्याची पत्रं मीच वाचून दाखवत असे. हेही मी वाचलं. त्यात शेवटी दोन ओळी होत्या : "सामना चारला आहे, पण तुम्ही अडीचलाच या, मागच्या फाटकाने. तिथल्या माणसाला माझं नाव सांगा, तो सोडेल."

या दोन ओळी मी वाचल्या नाहीत. म्हणजे मनात वाचल्या, मोठ्याने नाही. चाचांना एवढंच सांगितलं की सामना चारला आहे.

जाताना

मला वेळापत्रकाचा शौक आहे. एस.टी.चं वेळापत्रक मी लोक पंचांग वाचतात तसं वाचतो. या प्रवासाचा मी फुलस्केप कागदावर तक्ता केला होता. शुक्रवारी सकाळी सहाची गाडी, संध्याकाळी मुंबई, डोंगरीला मुक्काम. शनिवारी सकाळी आराम, दुपारी मैदान. रविवारी सकाळची परतीची गाडी. सोमवारी पहिल्या तासाला मी वर्गावर.

गाडीत बसल्यावर चाचांनी तक्ता मागून घेतला. उलटा धरला होता, मी सुलटा करून दिला. प्रत्येक ओळीवर बोट ठेवून त्यांनी काय लिहिलंय ते विचारलं. संगमेश्वर, चिपळूण, खेड. मग म्हणाले, बोटीवर कप्तान असंच लिहायचा, आणि वारा त्यातलं अर्धं पुसायचा.

चिपळूणला गाडीचं चाक बसलं. ते बदलण्यात पाऊण तास गेला. मी घड्याळ बघत येरझाऱ्या घालत होतो आणि चाचा रस्त्याकडेच्या बाईकडून ओले काजूगर घेऊन त्यांचा भाव रत्नागिरीपेक्षा जास्त कसा, यावर तिच्याशी निवांत भांडत होते. महाडला जेवायला थांबलो तेव्हा माझ्या लक्षात आलं की वार शुक्रवार आहे आणि तक्त्यात नमाजाची वेळ मी धरलेलीच नाही. मला फार ओशाळल्यासारखं झालं. चाचा म्हणाले की प्रवासात असलेल्याला जुम्मा माफ असतो, तुम्ही जेवा. स्टँडच्या मागे नळावर हातपाय धुऊन, टॉवेल अंथरून त्यांनी आपलं उरकलं आणि माझ्या ताटातला एक पापड उचलला.

त्यांच्याबरोबर प्रवास करणं सोपं होतं. ते कशावर चिडत नाहीत. मला नंतर अनेकदा वाटलं, ते चिडणारे असते तर बरं झालं असतं.

डोंगरी

राजिवड्याच्या जमातीची डोंगरीला एक मोठी खोली आहे. गावातून कामाला आलेले पुरुष तिथे राहतात. भिंतीला लागून ट्रंका, प्रत्येक ट्रंकेवर गुंडाळलेली वळकटी, आणि एकाच चुलीवर सगळ्यांचं जेवण. माझ्यासारखा पाहुणा तिथे यापूर्वी राहिला नसावा, कारण सगळे मला सरकवून सरकवून पंख्याखालच्या जागेवर घेऊन गेले. तांदळाची भाकरी, बांगड्याचं कालवण आणि कांदा. आमच्या घरच्या कालवणात त्रिफळं असतात, यांच्यात नव्हती, आंबटाला मात्र कोकम तेच. जेवताना गोदीत काम करणारा एकजण म्हणाला की शब्बीरचं नाव पेपरात येतं. चाचांनी विचारलं, काय लिहितात? तो म्हणाला, संघाच्या यादीत येतं. चाचांना तेवढं पुरलं.

आता त्या दोन ओळींचं सांगतो.

मी स्वतःला कारण दिलं होतं ते उन्हाचं. चाचांना साखरेचा त्रास. मैदानाच्या मागच्या फाटकाच्या बाजूला दुपारी साडेतीनपर्यंत सावली येत नाही, हे मी शाळेतल्या एका सहकाऱ्याकडून काढलं होतं. अडीच ऐकलं की चाचा बाराला जाऊन बसणार आणि भोवळ येऊन पडणार. हे सगळं खरं होतं. पण आणखी एक गोष्ट खरी होती. गिरगावात शाळेच्या नकाशांचं एक दुकान आहे आणि ते शनिवारी तीनला बंद होतं. मला आफ्रिकेचा भिंतीवरचा नकाशा हवा होता. आमचा जुना वाळवीने खाल्ला होता आणि मुख्याध्यापकांनी तीन वर्षांनी होकार दिला होता. दोन ते तीन नकाशा, तीन चाळीसला मैदान. तक्त्यात ते इतकं चोख बसलं होतं की अडीचला जागाच नव्हती. पोरांना काय कळतं, दीड तास आधी येऊन करायचं काय, असं मी मनाशी म्हटलं होतं.

तर शनिवारी दोन वाजता आम्ही गिरगावातल्या दुकानात. म्हाताऱ्या दुकानदाराने माळ्यावरून एकेक नळी काढून नकाशे टेबलावर पसरले. आफ्रिकेचा उघडला तसे चाचा पुढे झाले. त्यांनी चष्मा पुसला आणि पूर्व किनाऱ्यावर बोट ठेवून विचारलं, हे मोंबासा ना? अक्षरं वाचता येत नव्हती, पण किनाऱ्याच्या वळणावरून त्यांनी बंदर ओळखलं. मग झांझिबार, मग दारेसलाम. कुठे लवंगांचा वास बोटीवर आधी येतो आणि जमीन मागून दिसते ते सांगितलं. मोंबासाला बंदरामागे एक मैदान होतं, तिथे शीख आणि गोव्याची माणसं संध्याकाळी हॉकी खेळायची, ते बघून काठी घेतली. दुकानदाराने चहा मागवला. मी मधे घड्याळ पाहिलं होतं, पक्कं आठवतं. अडीचला तीन मिनिटं कमी होती. आणि मला वाटलं, किती छान दुपार आहे ही.

मैदान

टॅक्सीने चर्चगेटच्या बाजूला उतरलो तेव्हा साडेतीन झाले होते. माझ्या तक्त्यापेक्षा दहा मिनिटं आधी. समोरच्या फाटकावर शब्बीरच्या नावाने दोन पास ठेवले होते. चाचांनी इस्त्रीचा सदरा घातला होता आणि त्यावर मोंबासाहून आणलेला कोट, जो त्या उकाड्यात कोणी घातला नसता. माझ्या काखेत नकाशाची नळी.

हॉकीला क्रिकेटसारखी झुंबड नसते. बाकांवर मोकळी जागा होती. माणसं ओळखीची, एकमेकांना हाका मारणारी, बरीचशी वयस्क. आमच्या शेजारी डिसोझा नावाचे एक गृहस्थ बसले होते, रेल्वेतून निवृत्त झालेले, मांडीवर संत्र्यांची पिशवी. त्यांनी न विचारता दोन फोडी चाचांच्या हातावर ठेवल्या. आमच्याकडे ओळख झाल्याशिवाय कोणी खायला देत नाही आणि दिलं तर संशय येतो. चाचांनी मात्र खाल्ल्या.

संघ धावत आत आले. गोलात जो उभा राहिला तो उंच, दाढीवाला होता. चाचांनी त्याच्याकडे बराच वेळ पाहिलं.

"मास्तर, ह्यो आपला नाय."

मी म्हटलं, नंतर येईल. मग आम्हाला शब्बीर दिसला. मैदानाच्या कडेला बाकावर, पायाला पॅड बांधून, टोपी मांडीवर घेऊन बसलेला. त्याने आमच्याकडे पाहिलं आणि लगेच मान खाली घातली. हात केला नाही.

सामना चांगला झाला असावा. लोक उठून टाळ्या वाजवत होते. चाचांनी मैदानाकडे पाहिलंच नाही, ते बाकाकडे बघत होते. मध्यंतरानंतरही दाढीवालाच गोलात आला, तेव्हा त्यांनी डिसोझांना विचारलं की तो कडेचा पोरगा कधी खेळायला येणार.

डिसोझा म्हणाले, "तो दोन नंबरचा कीपर. पहिल्याला लागलं तरच तो आत. नाही तर वर्षभर असाच बसतो. त्याचा खेळ आधी असतो, मागच्या मैदानावर. सगळा संघ त्याच्यावर चेंडू मारून हात गरम करतो. अडीच ते साडेतीन. मी तर तेच बघायला लवकर येतो."

चाचांनी विचारलं, आज कसा खेळला?

"आज कमाल. कप्तान वैतागला, इतकं अडवलं त्याने. कोणाला तरी दाखवायचं असल्यासारखा खेळत होता. पण सारखा फाटकाकडे बघत होता, त्यात दोन सुटले."

मी नळी या हातातून त्या हातात घेतली. अडीच हा आकडा चाचांनी आता ऐकला होता, पण माझ्याकडे वळून पाहिलं नाही. मीही सांगितलं नाही. ते सांगायला तो क्षण अगदी योग्य होता आणि मी समोर बघत राहिलो.

शब्बीरचा संघ जिंकला. फाटकाबाहेर आम्ही उभे राहिलो. तो आला तो अंघोळ करून, केस ओले, चेहऱ्यावर हसू आणायचा प्रयत्न करत. चाचांना सलाम करायला वाकला तर त्यांनी वरच्यावर धरला.

"सर, अडीचला आलात ना? मला कोणी दिसलं नाही."

मी तोंड उघडलं. पण माझ्याआधी चाचा बोलले.

"आलो की. मागच्या बाजूला गर्दीत उभा व्हतो. सगळं पाह्यलं."

"शेवटचा पाहिलात? कप्तानाचा? डाव्या पायाने अडवला तो?"

"पाह्यला," चाचा म्हणाले.

शब्बीरचा चेहरा मी त्याआधी असा एकदाच पाहिला होता, शाळेत असताना, मॅट्रिकच्या निकालाला. तो आम्हाला एका इराण्याकडे घेऊन गेला. खिमा-पाव, मस्का, वर कडक चहा. अब्बांना साखर चालत नाही हे तो विसरला आणि चाचांनीही आठवण दिली नाही. तो भराभर बोलत होता, कोणता चेंडू कुठून आला, कोणता हाताने, कोणता पायाने, टेबलावर मीठदाणी आणि बशा मांडून दाखवत होता. चाचा प्रत्येक चेंडूला मान हलवत होते.

चाचा हात धुवायला उठले तेव्हा शब्बीरने मला हळूच सांगितलं की हा त्याचा शेवटचा हंगाम. पुढच्या वर्षी कंपनी नवा पोरगा घेणार आहे. मस्कतला मामेभावाने काम बघितलंय, एप्रिलमध्ये जायचं. यादीत नाव येतं पण खेळायला मिळत नाही, हे अब्बांना पत्रात लिहायची लाज वाटली, म्हणून नुसती वेळ लिहिली.

"एकदा तरी त्यांनी बघायला हवं होतं, सर. बघितलं. झालं माझं."

मी म्हटलं, हो, छान झालं.

येताना

रविवारी सकाळी डोंगरीच्या खोलीतल्या लोकांनी आम्हाला भाकऱ्या आणि सुक्या बोंबलाची चटणी बांधून दिली. पनवेल गेलं, पेण गेलं, चाचा खिडकीबाहेर बघत होते. कशेडी घाटात गाडी चहाला थांबली. समोर दरी, खाली वाळलेल्या गवताचे डोंगर. आम्ही कठड्यापाशी कप घेऊन उभे होतो.

"मास्तर, पत्रात अडीच लिव्हलं व्हतं?"

मी हो म्हटलं.

ते वाट बघत होते. मी उन्हाचं सांगितलं. साखरेचं सांगितलं, सावली साडेतीनला येते ते सांगितलं. सगळं नीट, क्रमाने, वर्गात सांगतो तसं. नकाशाचं सांगितलं नाही. नळी गाडीतच होती, माझ्या सीटवर. ती त्यांनी येताना सबंध वाट माझ्या मांडीवर पाहिली होती.

त्यांनी उरलेला चहा खाली दरीत टाकला, कप टपरीवाल्याला परत दिला. म्हणाले, "बत्तीस वर्सं उन्हातच व्हतो मी." आणि गाडीत जाऊन बसले.

खेडला त्यांनी बांधून दिलेली पुरचुंडी सोडून अर्धी भाकरी मला दिली. चिपळूणला त्यांना झोप लागली आणि डोकं माझ्या खांद्यावर आलं. रत्नागिरीपर्यंत मी हललो नाही.

राजिवडा

इथे प्रवास संपायला हवा. तक्त्याप्रमाणे सोमवारी पहिल्या तासाला मी वर्गावर होतो. नवा नकाशा भिंतीवर लावला.

आठवड्याने चाचा माझ्या घरी आले, हातात कोरं आंतरदेशीय पत्र. शब्बीरला लिहायचं होतं. म्हणाले, पोराशी खोटं बोललो. बाकी ठीक, पण डाव्या पायाने अडवलेला पाह्यला असं जे बोललो, ते एक आत राह्यलंय, ते काढलं पाहिजे. मी पेन घेतलं. मला वाटलं, आता ते माझं नाव सांगतील, आणि ते सांगतील तसं मी लिहीन, आणि मोकळा होईन.

त्यांनी सांगितलं ते असं : मी तुझा खेळ पाहिला नाही. खोटं बोललो, माफ कर. त्या दिवशी डोंगरीला जेवण जास्त झालं आणि मला झोप लागली. मास्तर दोन वाजल्यापासून उठवत होते, मीच उठलो नाही. मास्तरांचा काही दोष नाही.

मी पेन थांबवलं. म्हटलं, चाचा, असं कसं.

"लिवा. बाप झोपला ह्ये त्यो विसरंल. तुमी त्याचे मास्तर हाव."

मी लिहिलं. ते मराठी वाचू शकत नव्हते. त्या निळ्या कागदावर मी काहीही लिहू शकलो असतो. माझ्या नावाची एक ओळ, नकाशाची एक ओळ, त्यांना कधी कळलं नसतं आणि शब्बीरला सगळं कळलं असतं. मी त्यांनी सांगितलं ते शब्द न् शब्द लिहिलं आणि मोठ्याने वाचून दाखवलं. त्यांनी खाली उर्दूत सही केली. पत्र मी स्वतः पेटीत टाकलं.

शब्बीर एप्रिलमध्ये मस्कतला गेला. काठी, पॅड सगळं कोणाला देऊन टाकलं. दोन वर्षांनी पहिल्यांदा सुट्टीवर आला, मग परवा ईदला आला. आता तो गोष्ट रंगवून सांगतो. घरात दहा-बारा माणसं जमली की हटकून सांगतो : माझा अब्बा एवढा रत्नागिरीहून माझा खेळ बघायला आला आणि डोंगरीला बांगडे खाऊन झोपला. सर बिचारे उठवून उठवून दमले. सगळे हसतात. चाचाही हसतात, त्यांना आता कमी ऐकू येतं, पण कुठे हसायचं ते ठाऊक आहे.

परवा गोष्ट संपल्यावर शब्बीरने शीरखुर्म्याची वाटी माझ्यासमोर ठेवली. म्हणाला, "अब्बांचं सोडा, सर. ते झोपले होते. तुम्ही एकट्याने तरी यायचं होतंत."

चाचा माझ्याकडेच बघत होते.

मी म्हटलं, हो, यायला हवं होतं.